बेचाळिसाव्या सीनमधलं मनगट

पडेगाव, ५ फेब्रुवारी २०२५

बद्री,

सिनेमा पाहिला. दोनदा पाहिला. आधी नुसता, आणि मग वही घेऊन.

सहा वर्षांनी तुझा मेसेज आला तो असा : "कच्चा कट पाठवतोय. कंटिन्युइटीच्या चुका काढून देशील का? तुझ्यासारखी नजर कुणाची नाही." कशी आहेस, काय करतेस, एक अक्षर नाही. म्हटलं, कागदोपत्री अजून नवरा आहे आणि स्वभावानंही तोच आहे. मी याचं उत्तर फोनवर देणार नाही. फोनवर तू तुझ्या त्या आवाजात दहा मिनिटांत मला पटवशील की भिंत निळी नव्हतीच, पांढरी होती. म्हणून आपल्या जुन्या रीतीनं, कागदावर, कुरियरनं.

सीन सात. रेवतीच्या कपात चहा अर्धा आहे, पुढच्या शॉटमध्ये पाऊण. चहा पिऊन वाढत नसतो. सीन बारा. तिची वेणी डाव्या खांद्यावर, दार उघडेपर्यंत उजव्या. सीन एकोणीस. भिंतीवरचं कॅलेंडर जून दाखवतं आणि नायक कैरी कापतोय. होईल खपून, पण मला खटकलं. सीन तेवीसमध्ये गादीवरची चादर दोन रात्रींत तीनदा बदलते. एवढ्या चादरी आपल्या घरात कधीच नव्हत्या.

सिनेमा चांगला आहे. हे सुरुवातीलाच सांगायला हवं होतं, पण मग तू पुढचं वाचलंच नसतंस. कुणी बागेत पळत नाही, कुणी कुणासाठी विमानतळ गाठत नाही. दोघं गच्चीत कपडे वाळत घालताना भांडतात आणि चिमटे संपले म्हणून भांडण अर्धवट सोडतात. गॅस संपतो आणि शेजारून सिलेंडर कुणी मागायचा यावरून दोघं दुपारभर उपाशी बसतात. प्रेमाच्या सिनेमात गॅस संपलेला मी आजवर पाहिला नव्हता. लोक म्हणतील, अगदी आमच्या घरातलं दाखवलंय. घर माझं होतं, एवढं मला माहीत आहे. सिलेंडर शेवटी मीच आणला होता. तुझ्या सिनेमात नायक आणतो. असो, ही काही कंटिन्युइटीची चूक नाही.

मी सध्या एका स्टुडिओत लग्नाआधीचे व्हिडिओ जोडते. दौलताबादच्या पायथ्याशी जोडपी हात पसरून गोल फिरतात, मी मागे सनई लावते. गेल्या आठवड्यात एका शॉटच्या शेवटी नवरी हळूच विचारते, "ॲसिडिटीची गोळी घेतली का?" आणि नवरा मान हलवतो. सगळ्या व्हिडिओत खरं तेवढंच होतं आणि मला ते कापावं लागलं. तेव्हा तुझी आठवण आली होती.

सीन बेचाळीसबद्दल वेगळं लिहीन. आज हात चालत नाही.

कालिंदी


पडेगाव, ९ फेब्रुवारी, रविवार

बद्री,

तुझा मेसेज मी बसस्टॉपवर उभ्या उभ्या वाचला. यादी मिळाली, आभार, बेचाळीसचं लवकर कळव, वीस तारखेला सिनेमा कुलूपबंद करायचा आहे, मग बदल नाहीत. आणि तेवीसला, रविवारी, आपल्याच शहरात पहिला खेळ. करमाडहून आईसकट गावातल्या चाळीस जणांना गाडी करून आणतोस. आई पहिल्या रांगेत. "तूही ये. तिच्या शेजारी बस."

माझी बस आली आणि गेली, मी चढले नाही.

सीन बेचाळीस असा आहे. नायक नाटक बसवतो आणि त्यात कामही करतो. प्रयोग चालू आहे. सगळ्यांचे फोन एका कापडी पिशवीत रेवतीपाशी आहेत. पिशवीतला एक फोन थरथरतो. गावाहून निरोप आहे : वडील शेवटच्या घटका मोजतायत, लगेच निघा. रेवती वाचते. रंगमंचावर उभ्या नवऱ्याकडे पाहते. आणि फोन परत पिशवीत टाकते. मी मोजले, अकरा सेकंद. मग प्रयोग संपतो, टाळ्या पडतात, वडील गेलेले असतात. तिथून पुढे दोघांचा संसार मोडत जातो आणि प्रेक्षकाला कळतं, का मोडला ते.

आता खरं काय झालं ते लिहिते. ते आपल्या दोघांनाच माहीत आहे आणि तुझं तू विसरायला लागलास की काय, अशी मला शंका आहे.

डिसेंबर २०१८. खुलताबादच्या घाटात तुझ्या पहिल्या सिनेमाचा शेवटचा दिवस. आवाज तिथंच रेकॉर्ड करायचा म्हणून सगळ्यांचे फोन माझ्या पिशवीत, नेहमीसारखे. तुझा फोन तीनदा थरथरला तेव्हा मी बाजूला जाऊन घेतला. तुझा चुलतभाऊ कडूबा होता. "वहिनी, नानाचं काय खरं नाय. जीव बद्रीत अडकलाय. आत्ताच्या आत्ता निघा." मी फोन ठेवला आणि सरळ तुझ्याकडे चालत आले. सगळं सांगितलं. तू डोंगराकडे पाहिलंस. नायिकेच्या तारखा त्या दिवशी संपत होत्या, सूर्य मावळायला दीड तास होता आणि करमाडही दीड तासावर होतं. तू म्हणालास, "एवढा उजेड धरू दे. मग निघू."

नानासाहेब साडेसहाला गेले. आपण आठला पोचलो.

दहाव्याच्या आदल्या दिवशी तू मला विहिरीपाशी नेलंस आणि म्हणालास, "आईला सांग की फोन तुझ्यापाशी होता, आवाज बंद होता, तू उशिरा पाहिलास. मला माहीत असून मी आलो नाही हे तिला सहन होणार नाही. तुझ्यावर ती दोन दिवस रागावेल आणि विसरेल." मी हो म्हणाले. नवऱ्याचा बाप गेलेला असताना बायको नाही कशी म्हणणार? प्रेमात माणूस असलं काहीतरी करतो, हे खरं तर तू सिनेमात घ्यायला हवं होतंस.

आई दोन दिवसांत विसरल्या नाहीत. दोन वर्षं त्या माझ्याशी एक शब्द बोलल्या नाहीत. आपण वेगळे झालो, मी पडेगावला खोली घेतली, आणि मग एक दिवस कडूबा भावजी पायलीभर तूर घेऊन दारात. "काकूनं सांगितलं, व्हती चूक मानसाची. येऊन जा म्हनावं." तेव्हापासून मी दर दुसऱ्या रविवारी करमाडला जाते. हे तुला माहीत नाही. मीच आईंना सांगू नका म्हटलं होतं. त्यांच्या डोळ्यांचे थेंब आणते, जेवते, माझ्या डोक्याला तेल लावून घेते. मला आता दुसरं माहेर नाही, बद्री.

त्यांनी मला चुकीची माफी दिली आहे. तुझ्या पडद्यावर ती चूक राहत नाही, पाप होतं. सगळ्या गावासमोर, पहिल्या रांगेत बसून, त्या बघणार की त्यांच्या सुनेनं निरोप वाचला आणि मुद्दाम दडवला. आणि मी शेजारी बसू?

ते अकरा सेकंद काढ. फोनचा आवाज बंद होता एवढंच राहू दे. एका खोट्यावर मी सहा वर्षं काढली, पुढचीही काढीन. त्याच्यावर दुसरं चढवू नकोस.

कालिंदी


पडेगाव, १४ फेब्रुवारी

बद्री,

तुझं उत्तर चार मेसेजांत आलं. चारही मी वहीत उतरवून घेतले, कारण तू मागाहून पुसतोस.

"आवाज बंद होता, हे कारण प्रेक्षकाला पुरत नाही." "तिनं मुद्दाम दडवलं तरच ती खरी बाई वाटते. मी तिला खलनायिका केलेलं नाही, माणूस केलंय." "आजचं प्रेम असंच असतं, दोघंही थोडे चुकतात." आणि चौथा, "आई सिनेमा आणि आयुष्य यांत गल्लत करणार नाही."

दोघंही थोडे चुकतात! तुझ्या दोन तासांच्या सिनेमात नायकाची एक चूक दाखव. तो ओला टॉवेल गादीवर टाकतो, एवढीच. बाकी तो कमी बोलतो, खिडकीतून पाहतो आणि त्याला समजून घेतलं जात नाही. आताच्या वास्तव सिनेमांची ही मला गंमत वाटते. जुन्या सिनेमातला नायक गुंडांना लोळवून चांगला ठरायचा, आताचा गप्प बसून ठरतो. भांडी घासताना दाखवला की काम झालं. रेवतीच्या ओठाजवळ पिठाचा डाग आहे, साडीला पिन आहे, खोली दहा बाय दहाची आहे, सगळं खरं आहे, आणि त्या सगळ्या खऱ्याच्या आधारानं तू अकरा सेकंदांचं खोटं आत सोडलंस. बाकी सगळं खरं असल्यामुळे तेही खरंच वाटणार. खोट्या सिनेमात ते खोटं दिसलं तरी असतं.

आणि हो, आई गल्लत करणार नाहीत म्हणतोस. ज्या घरातून निरोप निघतो तिथं तू आपलीच ओसरी लावलीस. तोच दिवळीतला कंदील, तीच नानांची काठी. कुणी गल्लत करू नये म्हणून का?

पण तू चुका काढायला सांगितल्यास, तर ही शेवटची घे.

सीन एक्केचाळीस. नायक प्रयोगाआधी विंगेत उभा आहे, डाव्या मनगटावर चामडी पट्ट्याचं घड्याळ. सीन बेचाळीस. रेवती निरोप दडवते, नायकाला काहीही माहीत नाही. त्याचं मनगट मोकळं आहे. सीन त्रेचाळीस, चव्वेचाळीस, थेट गावात पोचेपर्यंत मोकळं. घड्याळ कधी काढलं, कुणाला दिलं, सिनेमात कुठंही नाही.

एवढी ढोबळ चूक तुझ्या हातून कशी झाली, म्हणून मी पुन्हा पुन्हा लावून पाहिलं. मग कळलं. तुझ्या डोळ्यांसमोर तो दिवस जसा होता तसाच तू नटाला उभा केलास. त्या दिवशी मी तुला निरोप सांगितल्यावर तू नानांचं घड्याळ मनगटावरून काढलंस आणि माझ्या हातात दिलंस. "हे ठेव. दर मिनिटाला बघत बसलो तर माझ्याच्यानं काम होणार नाही." ज्याला काही माहीतच नाही तो घड्याळ कशाला काढेल, बद्री?

त्या दिवसाची माझी कंटिन्युइटीची वही आहे. शॉट अकरा, टेक तीन, नायिकेची ओढणी उजवीकडे, आणि खाली माझ्याच अक्षरात : "४.१०. करमाडचा फोन. ब. ला सांगितलं. घड्याळ काढलं." का लिहिलं मला सांगता येणार नाही. हातात पेन होतं, समोर काहीतरी बदललं, हातानं लिहिलं.

घड्याळही आहे. घाटात पडलं असं तू आईंना सांगितलंस. ते माझ्या कपाटात, फोनच्या त्याच पिशवीत आहे. परत मागितलं नाहीस म्हणून राहिलं. नाही, हेही पूर्ण खरं नाही. मी ते ठेवून घेतलं. तुझं काहीतरी मला हवं होतं.

कालिंदी


पडेगाव, १८ फेब्रुवारी

बद्री,

पत्र पोचल्याच्या दिवशी तू मला नऊ वेळा फोन केलास. मी उचलला नाही. मग मेसेज आला. मला वाटलं होतं, शिव्या देशील.

"जबरदस्त पकडलंस. घड्याळाचा फोटो पाठव ना, चारी बाजूंनी. कॉम्प्युटरवर त्याच्या मनगटावर चढवून टाकतो. दोन दिवसांचं काम आहे."

मी खरोखर घड्याळ बाहेर काढलं. टेबलावर पांढरा रुमाल अंथरला, खिडकीचा उजेड घेतला. इतकी वर्षं तू म्हणशील ते केलंय, हाताला सवय आहे. पट्ट्याला नानांनी पाडलेलं ते जास्तीचं भोक दिसलं आणि फोन खाली ठेवला. तुझ्या अख्ख्या सिनेमात खरी म्हणावी अशी एकच जागा राहिली होती, तीही चुकून. ती तुला आता बुजवायची आहे आणि माझ्याच हातानं.

तू वाईट माणूस नाहीस. हे मी तुझ्या बाजूनं नाही, माझ्या बाजूनं लिहितेय, कारण वाईट माणसावर मी एवढी वर्षं जीव लावला असं मला म्हणायचं नाही. जीव अजून आहे. गच्चीतला सीन लागला तेव्हा मी स्टुडिओतल्या सगळ्यांसमोर रडले आणि सर्दी झाली म्हणून सांगितलं. तू त्या दिवशी घाटात थांबलास याचाही मला राग नाही. दीड तासाचा उजेड आणि मरणारा बाप, यांत माणूस चुकू शकतो. पण ती चूक एकदा तरी तुझी म्हण. विहिरीपाशी ती माझी झाली आणि आता पडद्यावर कायमची माझी होणार.

एक करशील का? सिनेमा कसाही ठेव. अकरा सेकंद ठेव, घड्याळ चढव, काय वाटेल ते कर. पण तेवीसच्या आधी करमाडला ये. एकटा ये. आईच्या समोर बस आणि सांग. मग त्या सिनेमा बघतील तेव्हा त्यांना कळेल की हा सिनेमा आहे. मी शेजारी बसेन. हातही धरेन त्यांचा.

वीस तारखेपर्यंत वाट बघते.

कालिंदी


करमाड, २२ फेब्रुवारी, शनिवार

बद्री,

हे पत्र कुरियरनं वेळेत पोचणार नाही. कडूबा भावजी उद्या गाडीतून उतरून तुझ्या हातात देतील. गाडीत एकोणचाळीस जण असतील. मोजत बसू नकोस, वाच.

वीस तारखेला तुझा मेसेज आला. "लॉक झाला. फोटो नाही पाठवलास, तर दुसरं घड्याळ चढवलं. कुणाला कळणार नाही. आईशी नंतर निवांत बोलू." त्यानंतर हसरा चेहरा होता. तो मी बराच वेळ पाहत बसले.

आज सकाळच्या बसनं इथं आले. आई ओसरीवर तूर पाखडत होत्या. उद्याची नवी साडी खुंटीवर काढून ठेवलेली. मला बघून म्हणाल्या, "आज कशी गं? उद्या भेटायचं व्हतं ना पिच्चरला?" मी काय बोलायचं ते बसमध्ये चारदा घोकलं होतं. एक शब्द आठवेना. मग पिशवीतून घड्याळ काढून त्यांच्या सुपात ठेवलं.

त्यांनी ते उचललं नाही लगेच. हात लुगड्याला पुसले. मग उचललं, आणि डोळ्यांजवळ न नेता अंगठ्यानं पट्टा चाचपला. त्या भोकावर अंगठा थांबला. "दाभनानं पाडलं व्हतं त्यांनी," म्हणाल्या. "बद्री कॉलेजात निघाला तवा. म्हनले, पोराचं मनगट लई बारीक हाय, गळून पडंल. कुठं सापडलं ह्ये?"

"सापडलं नाही, आई. माझ्यापाशीच होतं."

"तुझ्यापाशी? त्यो तर म्हनला घाटात पडलं."

"त्यानं काढून माझ्या हातात दिलं होतं."

"कवा?"

बद्री, मला तेव्हाही खोटं बोलता आलं असतं. इतक्या वर्षांच्या सरावानंतर काय अवघड होतं? पण त्या एवढ्या सरळ विचारत होत्या. मी म्हणाले, "नाना गेले त्या दिवशी. चार वाजून दहा मिनिटांनी. कडूबा भावजींचा फोन आला, मी त्याला सांगितलं, तेव्हा."

अंगणातल्या कोंबड्या सुपाभोवती आल्या, त्यांनी हाकलल्याही नाहीत.

"म्हंजी त्याला ठावं व्हतं."

"व्हय," मी म्हणाले.

"आन् तू हे सा वर्सं पोटात ठिवलं."

"तो म्हणाला, आईला सहन होणार नाही."

"मला काय सहन व्हतं न् काय नाय, ते मला इचारायचं व्हतं," त्या म्हणाल्या. मग माझ्याकडे पाहिलं. "म्या तुला माफ केलं व्हतं गं. तूर धाडली व्हती. लई मोठेपना वाटला व्हता मला माझा." आणि तेव्हा त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. नानांचं नाव घेताना आलं नव्हतं, तुझं घेतानाही नाही.

मी सिनेमाचं सांगितलं. सगळं सांगितलं, पिशवी, अकरा सेकंद, आपली ओसरी. त्यांनी खुंटीवरची साडी काढली, घडी घातली आणि आत पेटीत ठेवून आल्या. घड्याळाला चावी दिली. चालू झालं. ते त्यांनी कमरेला खोचलं.

तेवढ्यात तुझा फोन आला. त्यांच्या फोनवर तुझा शाळेतला फोटो आहे, टोपीतला, तुला माहीत असेल. फोन सुपाशेजारी वाजत राहिला. त्या त्याच्याकडे बघत होत्या. थांबला. पुन्हा वाजला. मी म्हणाले, "आई, उद्याच्या गाडीची वेळ सांगायला करत असेल." त्यांनी फोन उचलला, माझी ती कापडी पिशवी ओढली, त्यात टाकला आणि वरून गाठ मारली.

"उद्या इचारील तुला, आई का आली नाय," त्या म्हणाल्या. "तर सांग, फोन तुझ्यापाशी व्हता. मला निरोप भेटला नाय."

मी हो म्हणाले नाही. एकदा म्हणून बसले आहे, तेवढं पुरे झालं.

त्यांच्यासमोरच बसून लिहितेय. निरोप पोचला, बद्री. दोन्ही वेळा पोचला. आई घरी आहेत, त्यांना सगळं माहीत आहे, आणि त्या येणार नाहीत.

कालिंदी